सारनाथच्या सिंहांचा सम्राट

नाण्यांवर, नोटांवर आणि पारपत्रावर उमटणाऱ्या भारताच्या सिंहमुद्रेचे मूळ मौर्य सम्राट अशोकाच्या जीवनात आहे.

चंद्रगुप्ताचा नातू व बिंदुसाराचा पुत्र असलेल्या अशोकाने इ. स. पूर्व २६८च्या सुमारास पाटलिपुत्राचे सिंहासन मिळवले. राज्याभिषेकानंतर आठ वर्षांनी त्याने कलिंग जिंकले. त्या युद्धात एक लाख माणसे मारली गेली, दीड लाख देशोधडीला लागली. हे आकडे त्याने स्वतःच तेराव्या शिलालेखात नोंदवले आहेत. विजेत्या राजाने आपल्या विजयाचा पश्चात्ताप दगडावर कोरून ठेवल्याचे उदाहरण इतिहासात विरळाच. खुद्द कलिंगात, धौली व जौगड येथे, मात्र हा लेख नाही. तेथे प्रजेला अपत्याप्रमाणे वागवावे, कोणालाही विनाकारण बंदीत टाकू नये, अशा आज्ञा अधिकाऱ्यांना दिलेल्या आढळतात.

पुढे त्याने विहिरी खोदवल्या, रस्त्याकडेला वृक्ष लावले, माणसांच्या व जनावरांच्या औषधोपचाराची सोय केली. त्याचे लेख कंदाहारपासून कर्नाटकापर्यंत पसरले आहेत. महाराष्ट्रात सोपारा येथेही त्यांचे अवशेष मिळाले.

बुद्धांनी जेथे पहिले प्रवचन दिले, त्या सारनाथला अशोकाने स्तंभ उभारला. त्याच्या शीर्षावर पाठीला पाठ लावून चार सिंह बसले आहेत. खालच्या पट्टीवर हत्ती, घोडा, बैल व सिंह असून त्यांच्यामध्ये चार चक्रे आहेत. सिंहांच्याही वर मूळचे एक मोठे धर्मचक्र होते. सत्तेच्या मस्तकावर धर्म, असा त्या रचनेचा अर्थ लावता येतो.

इ. स. पूर्व २३२च्या सुमारास अशोक निवर्तला. कालांतराने त्याची ब्राह्मी लिपीही विस्मृतीत गेली. जेम्स प्रिन्सेप यांनी ती १८३७ मध्ये उलगडली. १९०४-०५च्या उत्खननात सारनाथचे सिंहशीर्ष सापडले. माथ्यावरचे चक्र मात्र भंगलेले होते.

२६ जानेवारी १९५० रोजी प्रजासत्ताक भारताने हे शीर्ष राजमुद्रा म्हणून स्वीकारले. मुद्रेत तीनच सिंह दिसतात, चौथा मागे दडलेला असतो. पट्टीच्या मध्यभागी चक्र, उजवीकडे बैल, डावीकडे घोडा आणि खाली मुंडक उपनिषदातील सत्याच्या विजयाचे वचन आहे.

माथ्यावरचे चक्र मुद्रेत नाही. पण सिंह आजही चक्रावरच उभे आहेत. सत्ता गाजवणाऱ्या प्रत्येकाला कलिंगच्या पश्चात्तापाचे स्मरण देण्यास तेवढे पुरेसे आहे.