पलटणीतील शिक्षक

रत्नागिरी जिल्ह्यातील मंडणगड तालुक्यात आंबडवे नावाचे एक लहानसे गाव आहे. या गावच्या सकपाळ घराण्यात मालोजी नावाचे एक गृहस्थ होऊन गेले. त्या काळी महार समाजातील माणसाच्या वाट्याला गावकीची हलकी कामे येत. त्याला सार्वजनिक विहिरीचे पाणी भरता येत नसे, देवळाची पायरी चढता येत नसे, आणि त्याच्या मुलांनी पाटीला हात लावावा असे गावात कोणाला वाटतही नसे. मालोजींनी ही चाकोरी सोडली आणि फौजेची वाट धरली. फौजेत अंगावर गणवेश चढे, हाती बंदूक येई आणि महिन्याच्या महिन्याला पगार मिळे. ईस्ट इंडिया कंपनीच्या मुंबई फौजेत असे महार शिपाई पुष्कळ होते. १ जानेवारी १८१८ रोजी भीमा नदीच्या काठी कोरेगाव येथे झालेल्या लढाईत ते लढले होते. तेथील उंच दगडी स्तंभावर त्यांच्यापैकी अनेकांची नावे कोरलेली आहेत.

मालोजींचे चिरंजीव रामजी हेही वडिलांच्या मागोमाग फौजेत दाखल झाले. परंतु त्यांच्या हाती बंदुकीपेक्षा पुस्तकच अधिक काळ राहिले. ते कसे, हे समजण्यासाठी त्या वेळच्या पलटणीतील एक व्यवस्था ध्यानात घेतली पाहिजे.

पलटणीत भरती होणारा बहुतेक प्रत्येक जवान निरक्षर असे. नांगर सोडून किंवा गुरे राखणे सोडून तो थेट छावणीत येई. कवायतीचे हुकूम इंग्रजी. ते तो कानांनी शिके आणि पायांनी पाळी. पण फौजेचे काम नुसत्या पायांनी चालत नाही. पहाऱ्याची नोंद ठेवावी लागते, कोठारातील दारूगोळा मोजून लिहावा लागतो, पगाराचा हिशेब समजावा लागतो, वरून आलेला लेखी हुकूम वाचावा लागतो. शिपायाचा नाईक आणि नाईकाचा हवालदार व्हायचा, तर त्याला अक्षरओळख हवीच. म्हणून पलटणीच्या शाळा असत. दिवसा तेथे शिपायांची मुले, आणि मुलीसुद्धा, शिकत. रात्री प्रौढ शिपायांचे वर्ग भरत. शिपायांच्या मुलामुलींना शिक्षण सक्तीचे असे. सरकारने ही सोय काही दयेपोटी केली नव्हती. त्याला कामाची माणसे हवी होती. तरीही तिचा परिणाम फार मोठा झाला. ज्या समाजाला गावच्या शाळेच्या ओसरीवरही बसू देत नसत, त्या समाजातील शेकडो माणसे छावणीतील दिव्याच्या उजेडात लिहावयास व वाचावयास शिकली.

रामजींची बुद्धी आणि शिकण्याची हौस वरिष्ठांच्या ध्यानात आली. त्यांना पुण्याच्या नॉर्मल स्कूलमध्ये पाठविण्यात आले. शिक्षक तयार करणारी ती शाळा होती. तेथील परीक्षा उत्तीर्ण होऊन रामजी फौजेतील शाळेत शिक्षक झाले, आणि पुढे चौदा वर्षे त्यांनी मुख्याध्यापकाचे काम केले. हुद्द्याने ते सुभेदार झाले. मराठी तर त्यांची उत्तम होतीच, पण इंग्रजी आणि अंकगणित यांवरही त्यांचे चांगले प्रभुत्व होते.

मुलांनो, अशा शिक्षकाचे काम किती अवघड असेल याचा विचार करा. लहान मुलाचा हात वळवणे सोपे असते. परंतु दिवसभर कवायत करून थकलेला, मिशा फुटलेला, राठ बोटांचा तरणाताठा जवान समोर बसला आहे आणि त्याला पेन्सिल कशी धरावी हेही ठाऊक नाही! त्याला आधी मुळाक्षरे, मग जोडाक्षरे शिकवायची आणि त्यानंतर इंग्रजीसारख्या परक्या भाषेची वळणे समजावून द्यायची. अशा वर्गात छडी चालत नाही, चिकाटीच लागते. ज्याला स्वतःच्या घरचे पत्र दुसऱ्याकडून वाचून घ्यावे लागत असे, तो एके दिवशी ते स्वतः वाचू लागला म्हणजे त्याच्या चेहऱ्यावर काय उमटत असेल, हे सांगावयास नको.

रामजींचा विवाह भीमाबाईंशी झाला. ठाणे जिल्ह्यातील मुरबाडचे हे मुरबाडकर घराणेही फौजीच होते, आणि भीमाबाईंचे वडील सुभेदार मेजर होते. रामजींची पलटण मध्य हिंदुस्थानातील महू येथील छावणीत असताना १४ एप्रिल १८९१ रोजी या दांपत्याला चौदावे अपत्य झाले. त्याचे नाव भीम ठेवण्यात आले. हेच पुढे डॉक्टर बाबासाहेब आंबेडकर म्हणून जगास ठाऊक झाले. चौदांपैकी मोजकीच मुले जगली. बळराम, आनंदराव आणि भीम हे तीन मुलगे, तसेच मंजुळा आणि तुळसा या दोन मुली, एवढीच काय ती मोठी झाली.

याच सुमारास महार समाजावर एक मोठा आघात झाला. हिंदुस्थानात काही जाती जन्मतःच लढवय्या असतात आणि बाकीच्या नसतात, अशी एक चुकीची समजूत इंग्रज सेनापतींनी करून घेतली. १८९२ च्या सुमारास महारांची फौजेतील भरती बंद करण्यात आली. कोरेगावच्या स्तंभावर ज्यांची नावे सरकारने कोरली, त्यांच्याच नातवंडांना सरकारने दार लावून घेतले. नोकरी गेली हे दुःख तर होतेच; परंतु रामजींसारख्या शिक्षकाला त्यापुढचेही दिसत होते. भरती बंद म्हणजे पलटणीची शाळा बंद. गावच्या शाळेत प्रवेश नाही आणि छावणीची शाळाही गेली, तर पुढच्या पिढीने अक्षरे शिकावी तरी कोठे?

रामजी स्वस्थ बसले नाहीत. ते महात्मा जोतीराव फुले यांच्या कार्याचे चाहते होते. सरकारच्या निर्णयाविरुद्ध अर्ज करावा असे त्यांनी ठरविले, आणि त्याचा मसुदा तयार करण्यासाठी न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांचे साहाय्य मिळविले. अर्जाचा त्या वेळी उपयोग झाला नाही. पहिल्या महायुद्धात सरकारला माणसांची निकड भासली, तेव्हा १९१७ साली महारांची एक पलटण उभारण्यात आली. युद्ध संपल्यावर ती लवकरच मोडली गेली. कायमची महार रेजिमेंट उभी राहावयास १९४१ साल उजाडले. तिच्यासाठी ज्यांनी प्रयत्न केले, त्यांत रामजींचा धाकटा मुलगा होता.

१८९४ च्या सुमारास रामजी निवृत्त झाले. प्रथम ते कोकणात दापोलीस राहिले आणि मग नोकरीच्या निमित्ताने साताऱ्यास आले. साताऱ्यातच १८९६ साली भीमाबाईंचे निधन झाले. भीम त्या वेळी अवघ्या पाच वर्षांचा होता. रामजींची बहीण मीराबाई पाठीने अधू होती, परंतु अंतःकरणाची फार प्रेमळ. तिने त्या पोरक्या मुलांचा सांभाळ केला.

पलटणीची शाळा सुटली, तरी रामजींच्यातील शिक्षक निवृत्त झाला नव्हता. आता त्यांचा वर्ग घरात भरू लागला. ते कबीरपंथी होते. मद्यमांस त्यांना वर्ज्य होते. पहाटे लवकर उठावे, वेळेवर अभ्यास करावा, संध्याकाळी सर्वांनी एकत्र बसून अभंग आणि दोहे म्हणावेत, असा त्या घरचा शिस्तीचा क्रम होता. रामायण आणि महाभारत यांचे वाचनही रोज होई. जे ग्रंथ आपल्याला हीन मानणाऱ्यांच्या घरी वाचले जातात, ते आपण का वाचावेत, असा प्रश्न भीमाने पुढे वडिलांना विचारला. आपण अस्पृश्य म्हणून जन्मलो, त्यामुळे आपण कमी आहोत अशी भावना मनात घर करण्याचा संभव असतो, असे वडिलांनी त्याला समजाविले. द्रोण आणि कर्ण किती साध्या स्थितीतून किती उंच चढले, आणि वाल्मीकीसारखा कोळी रामायणाचा कर्ता कसा झाला, हे वाचले म्हणजे ती भावना निघून जाते, असे त्यांचे मत होते. मुलाला हे उत्तर पुरते पटले नाही. पण प्रश्न विचारण्याची मोकळीक त्या शिस्तीच्या घरात होती, हेही काही थोडे नव्हे.

इंग्रजीच्या बाबतीत मात्र रामजी तडजोड करीत नसत. हॉवर्डची इंग्रजी वाचनपुस्तके आणि तर्खडकरांची भाषांतर पाठमाला त्यांनी भीमाकडून पक्की करून घेतली. मराठी शब्दाला इंग्रजीत नेमका कोणता शब्द शोभतो, तो कोठे चालतो आणि कोठे चालत नाही, हे ते कसोशीने शिकवीत. ७ नोव्हेंबर १९०० रोजी भीमाचे नाव साताऱ्याच्या सरकारी इंग्रजी शाळेत दाखल झाले. हा दिवस महाराष्ट्रातील शाळांत विद्यार्थी दिवस म्हणून पाळला जातो. पण या शाळेतही भीमाला इतर मुलांपासून दूर, घरून आणलेल्या गोणपाटाच्या तुकड्यावर बसावे लागे. तहान लागली तर शिपाई वरून पाणी ओती तेव्हाच पिता येई.

विद्येला मोल आहे, पण जातीची भिंत नुसत्या विद्येने पडत नाही, याचा एक दाहक अनुभव या कुटुंबाला १९०१ साली आला. खटाव तालुक्यात दुष्काळग्रस्तांना काम देण्यासाठी सरकार तलाव बांधीत होते. तेथे रामजी रोखपालाच्या कामावर होते. उन्हाळ्याच्या सुटीत मुले त्यांना भेटावयास निघाली. येत असल्याचे पत्र त्यांनी आधीच लिहिले होते, आणि ते पोचलेही होते. परंतु नोकराने ते रामजींच्या हाती दिलेच नाही. नवे कपडे घातलेली ती मुले मसूर स्थानकावर वाट पाहत राहिली. त्यांची जात कळताच एकही गाडीवान त्यांना गाडीत घेईना. अखेर दुप्पट भाडे देऊन, गाडी स्वतः हाकण्याच्या अटीवर एकजण तयार झाला. शिदोरी जवळ होती, पण पाणी कोणी देईना. मुले रात्रभर उपाशी राहिली. दुसऱ्या दिवशी ती वडिलांपुढे उभी राहिली, तेव्हा रामजी चकित झाले. आपली मुले निघाली आहेत, हेच त्यांना ठाऊक नव्हते.

पुढे मुलांच्या शिक्षणासाठी रामजींनी मुंबई गाठली. परळच्या डबक चाळीत एक खोली होती. तिच्यातच चूल, तिच्यातच निजणे आणि तिच्यातच अभ्यास. भीम एल्फिन्स्टन हायस्कुलात जाऊ लागला. संध्याकाळी मुलाला लवकर निजवून वडील जागे राहत. रात्री दोन वाजता ते त्याला उठवीत, आणि तो दिव्याजवळ वाचावयास बसला म्हणजे स्वतः आडवे होत. निवृत्तिवेतन तुटपुंजे होते आणि मुलाची पुस्तकांची भूक मोठी होती. भीमाने नवे पुस्तक मागितले आणि हाती पैसा नसला, तर हे वृद्ध सुभेदार लेकीच्या घरी जात. तिचा एखादा दागिना मागून घेत, तो गहाण टाकीत आणि पुस्तक घेऊन येत. निवृत्तिवेतन मिळाले की दागिना सोडवून लेकीला परत देत. आपल्या शिपायांना पैशाचा काटेकोर हिशेब शिकविणाऱ्या माणसाने हा एक हिशेब मात्र कधी नीट मांडला नसावा.

१९०७ साली भीमराव मॅट्रिक झाले. पुढे बडोद्याचे सयाजीराव गायकवाड महाराज यांनी दरमहा २५ रुपयांची शिष्यवृत्ती दिली, आणि भीमरावांनी बी. ए. ची पदवी मिळविली. १९१३ च्या जानेवारीत ते बडोदा संस्थानच्या नोकरीत गेले. जाऊन थोडेच दिवस झाले होते, तोच वडील अत्यवस्थ असल्याची तार आली. मुंबईस येताना वडिलांसाठी मिठाई घ्यावी म्हणून ते सुरत स्थानकावर उतरले, आणि तेवढ्यात गाडी निघून गेली. घरी पोचावयास उशीर झाला. रामजींचे प्राण जणू मुलासाठीच अडून राहिले होते. मुलगा जवळ येताच त्यांनी थरथरता हात त्याच्या पाठीवरून फिरविला. २ फेब्रुवारी १९१३ रोजी त्यांनी देह ठेवला.

त्याच वर्षी भीमराव न्यूयॉर्क येथील कोलंबिया विद्यापीठात दाखल झाले. पुढे लंडन येथे अभ्यास करून त्यांनी रुपयाच्या प्रश्नावर एक मोठा ग्रंथ इंग्रजीत लिहिला. १९२३ साली तो प्रसिद्ध झाला, तेव्हा त्याच्या अर्पणपत्रिकेत त्यांनी आपल्या आईवडिलांचे स्मरण केले.