फ्लॉरेन्सबाईंचा हिशेब

दवाखान्यातून मिळालेला कागद आपण बघतो तो बहुतेक वेळा शेवटून. बिल किती झालं ते पाहायचं आणि कपाटात ठेवून द्यायचा. पुढच्या वेळी जरा वरच्या ओळीही बघा. मेडिक्लेमच्या कागदांवर आजाराच्या नावापुढे एक इंग्रजी अक्षर आणि काही आकडे असतात. ओठ नुसता खरचटला, सुजला तर एस ००.५. ओठ फाटला, टाका घालावा लागला तर एस ०१.५. पोरगं आमच्या माधवनगरात न्हाणीत घसरून पडो नाही तर लंडनमध्ये, त्याच्या फाटलेल्या ओठाचा आकडा हाच!

एवढ्याशा जखमेला जगभर एकच नाव असावं, हे कुणाला सुचलं असेल? त्यात अनेकांचा हात आहे. पण एक नाव आपल्या ओळखीचं आहे, फ्लॉरेन्स नाइटिंगेल. शाळेच्या पुस्तकात ती हातात दिवा घेऊन जखमी शिपायांमधून फिरताना दिसते. मला मात्र तिच्या हातातली लेखणी जास्त मोलाची वाटते.

१२ मे १८२० रोजी इटलीतल्या फ्लॉरेन्स शहरात तिचा जन्म झाला आणि गावाचंच नाव लेकीला मिळालं. घरचे इंग्रज, चांगले सुखवस्तू. वडिलांनी दोन्ही मुलींना घरीच शिकवलं. फ्लॉरेन्सला गणिताची गोडी लागली. मोठी झाल्यावर तिने नर्स व्हायचं म्हटलं आणि घरात रडारड झाली. त्या काळी ते काम खालच्या दर्जाचं समजलं जाई. चांगल्या घरची स्थळं येत होती, ती तिने नाकारली. शेवटी १८५१ मध्ये, एकतिसाव्या वर्षी, जर्मनीतल्या कैसरवर्थला जाऊन ती रुग्णसेवा शिकली. लग्न तिने केलंच नाही.

१८५४ मध्ये क्रिमियाचं युद्ध सुरू होतं. अडतीस नर्सेस घेऊन ती तुर्कस्तानातल्या स्कुतारीच्या लष्करी इस्पितळात पोचली. तिथं अंथरुणं नाहीत, साबण नाही, तुंबलेली गटारं, उंदीर. १८५५ च्या फेब्रुवारीत तिथं दाखल झालेल्या शंभरातले बेचाळीस दगावत होते. तेही गोळी लागून कमी, पटकी, हगवण आणि ताप यांनीच जास्त. मार्चमध्ये इंग्लंडहून स्वच्छता समिती आली. गटारं उपसली, भिंतींना चुना लावला, खेळती हवा आणली. जूनपर्यंत मृत्यू शंभरात दोनांवर आले.

पण या बाईंना दुसरीही एक गोष्ट खटकली. मेलेल्यांची नोंद तीन वेगवेगळ्या वह्यांत होत होती आणि तिन्हींचे आकडे एकमेकांशी जुळत नव्हते. घरात किराण्याचा हिशेब ठेवणाऱ्या बाईला यातली गंमत लगेच कळेल. ज्याचा हिशेबच नाही, ते वाचवणार कसं?

१८५६ मध्ये ती परतली. स्वागत-सत्कार नकोत म्हणून खोटं नाव घेऊन परतली. त्यानंतर विल्यम फार या आकडेतज्ज्ञाबरोबर तिने युद्धातल्या सगळ्या मृत्यूंची फेरमांडणी केली. काही अभ्यासक म्हणतात, की स्कुतारीत असताना तिलाही अपुरं अन्न आणि अतिश्रम हेच मृत्यूचं मुख्य कारण वाटत होतं. घाणीचा वाटा तिला या आकड्यांनीच दाखवला. मग मंत्र्यासंत्र्यांनाही एका नजरेत कळावं म्हणून तिने पाकळ्यापाकळ्यांचे रंगीत तक्ते काढले. १८५८ मध्ये लंडनच्या संख्याशास्त्र मंडळाची ती पहिली स्त्री सभासद झाली.

तब्येत तोवर पार खचली होती. पुढची अनेक वर्षं तिने बहुतेक खोलीत, अंथरुणावरच काढली. पण काम थांबलं नाही. लंडनमधली इस्पितळं एकच आजार वेगवेगळ्या नावाने लिहितात, त्यामुळे कुठं रोगी बरे होतात आणि कुठं दगावतात हे ताडून बघता येत नाही, हे तिने हेरलं. सगळ्यांसाठी एकसारखा छापील नमुना तिने तयार केला. १८६० मध्ये लंडनला भरलेल्या आंतरराष्ट्रीय संख्याशास्त्र परिषदेपुढे तो मांडला गेला. काही इस्पितळांनी तो वापरूनही पाहिला. पण भरायला किचकट, खर्चही फार, म्हणून तो मागे पडला.

कल्पना मात्र मेली नाही. १८९३ मध्ये फ्रान्सच्या जाक बर्तियों यांनी मृत्यूच्या कारणांची यादी मांडली आणि ती देशोदेशी रुजली. १९४८ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने ती हाती घेतली, तेव्हा न मारणारे आजार आणि दुखापतीही तिच्यात नीट बसल्या. दुखापतीला दोन आकडे मिळाले, एक काय लागलं याचा आणि दुसरा कशाने लागलं याचा. आज वापरात असलेल्या दहाव्या आवृत्तीतही ते आहेत. अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली आहे, देशोदेशी ती हळूहळू येते आहे.

हिंदुस्थानात ती कधीच आली नाही. पण इथल्या छावण्यांकडून माहिती मागवून तिने दाखवून दिलं, की गोऱ्या फौजेत दर हजारी एकोणसत्तर माणसं दरवर्षी मरतात. पुढं तिचं लक्ष आपल्या खेड्यांतल्या पाण्याकडे आणि सांडपाण्याकडे वळलं. पुण्याच्या सार्वजनिक सभेशी तिचा पत्रव्यवहार होता. १३ ऑगस्ट १९१० रोजी, नव्वदाव्या वर्षी ती गेली.

आता तो दुसरा आकडा, कशाने लागलं याचा. ओठ जिन्यावर पडून फुटला तर डब्ल्यू १०, कुत्रा चावला तर डब्ल्यू ५४. आणि नवऱ्याने मारलं तर? त्यालाही यादीत जागा आहे, वाय ०७.०. पण फुटलेला ओठ घेऊन आलेली बाई पदर तोंडावर धरते आणि सांगते, न्हाणीत पडले. सोबत सासू उभी असते. कागदावर पडणं लिहिलं जातं. टाके निघतात, कागद तसाच राहतो. पुढं कधी तिने दाद मागायचं ठरवलं, तर हाच कागद तिच्या विरुद्ध बोलतो. आणि गावात किती बायका मार खातात, याचा हिशेब पुन्हा स्कुतारीच्या वह्यांसारखा होतो.

म्हणून एवढं लक्षात ठेवा. डॉक्टरांशी एकटीने बोलायचं आहे, असं सांगता येतं. खरं कारण सांगा आणि ते लिहायला लावा. कुणी मारलं, कशाने, कधी, हे सगळं. कागदाची प्रत मागून घ्या आणि माहेरी किंवा विश्वासाच्या मैत्रिणीकडे ठेवा. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्याखाली मदत मागणाऱ्या बाईला दवाखान्याने उपचार द्यावेच लागतात. १८१ हा महिला हेल्पलाइनचा नंबर आहे. तो आपल्याला लागणार नाही असं वाटलं, तरी फोनमध्ये ठेवा. शेजारणीला लागेल.