ज्योतिर्विद् कै. शंकर बाळकृष्ण दीक्षित

विद्यार्थिमित्रहो, पावसाळा सरून थंडी पडूं लागली म्हणजे रात्रीच्या अभ्यासानंतर बोर्डिंगच्या अंगणांत क्षणभर उभें राहावें आणि वर पाहावें, यासारखें सुख नाहीं. आपला नगर जिल्हा अवर्षणाचा खरा. परंतु ज्या कोरड्या हवेमुळें शेतें तहानेलीं राहतात, तीच हवा आपलें आकाश स्वच्छ ठेवते. पारनेर, शेवगांव, जामखेड अशा भागांतून आलेल्या मुलांना तें आकाश अगदींच अपरिचित नसतें. सप्तर्षींतील चार तारे म्हणजे म्हातारीची बाज व मागचे तीन म्हणजे ती पळविणारे चोर, हें त्यांनीं खळ्यावर राखणीस निजतांना आजोबांच्या तोंडून ऐकलेलें असतें. मृगांतील तिकांडेंही त्यांना दाखवितां येतें. परंतु गोष्ट संपली म्हणजे प्रश्न उरतात. तारे दिवसा कोठें जातात, चंद्र आपल्याबरोबर कां चालतो, शुक्र मध्यरात्रीं कां दिसत नाहीं, असे ते प्रश्न असतात. विचारणारा लहान असतो. प्रश्न मात्र लहान नसतो.

कांहीं वर्षांपूर्वीं अशाच एका मुलानें प्रस्तुत लेखकास विचारलें कीं, भूगोलाच्या पुस्तकांत सूर्य २२ डिसेंबरच्या सुमारास उत्तरेकडे वळतो असें लिहिलें आहे, आणि घरीं तर उत्तरायण संक्रांतीस, म्हणजे १४ जानेवारीस लागतें असें सांगतात; तर यांतील खरें कोणतें? लेखकास उत्तर ठाऊक नव्हतें. तें सरळ कबूल करण्याऐवजीं, हा प्रश्न परीक्षेस येणार नाहीं, असें म्हणून त्यानें मुलास खालीं बसविलें. त्या मुलाचा उतरलेला चेहरा अद्याप डोळ्यांपुढें आहे. पुढें कै. शंकर बाळकृष्ण दीक्षित यांचीं पुस्तकें वाचनांत आलीं व त्यांत त्या प्रश्नाचें उत्तर सांपडलें. हे ग्रंथकार स्वतः शाळामास्तर होते, हें कळल्यावर तर लेखकास अधिकच लाज वाटली. त्यांचें चरित्र आज तुमच्यापुढें ठेवावयाचें आहे.

दीक्षित यांचा जन्म १८५३ सालच्या जुलै महिन्यांत, रत्नागिरी जिल्ह्याच्या दापोली तालुक्यांतील मुरूड या समुद्रकांठच्या गांवीं झाला. महर्षि धोंडो केशव कर्वे यांचें बालपण ज्या गांवीं गेलें तेंच हें मुरूड. गांवच्या मराठी शाळेंत त्यांचें प्राथमिक शिक्षण झालें व थोडें संस्कृतही पदरीं पडलें. १८७० सालीं ते पुण्याच्या ट्रेनिंग कॉलेजांत, म्हणजे मराठी शाळांसाठीं शिक्षक तयार करणाऱ्या विद्यालयांत, दाखल झाले. तेथील अभ्यासक्रम पुरा करून ते मॅट्रिकची परीक्षाही उतरले. परंतु त्यापुढें त्यांचें शिक्षण गेलें नाहीं. विश्वविद्यालयाची पदवी त्यांना कधींच मिळाली नाहीं. ज्यांच्या ग्रंथावांचून भारतीय ज्योतिषाच्या इतिहासाचा अभ्यास होऊं शकत नाहीं, त्या पुरुषाची परीक्षांची शिदोरी एवढीच होती.

१८७४ सालीं त्यांनीं शिक्षकाची नोकरी धरली ती जन्मभर केली. प्रथम रेवदंड्यास मराठी शाळेचे हेडमास्तर, मग ठाण्यास, त्यानंतर बार्शीच्या इंग्रजी शाळेंत, पुढें धुळ्याच्या ट्रेनिंग स्कुलांत आणि अखेर ज्या ट्रेनिंग कॉलेजांत शिकले त्याच पुण्याच्या संस्थेंत शिक्षक, असा त्यांचा प्रवास झाला. यांतील बार्शी आपल्या जामखेडकडील मुलांना परकी नाहीं. सरकारी बदलीचा हुकूम आला कीं बिऱ्हाड उचलावें, नव्या गांवीं नवे वर्ग हातीं घ्यावे आणि शाळा सुटल्यावर जो वेळ उरेल त्यांत अभ्यास करावा, हा त्यांचा क्रम होता. मोठा ग्रंथसंग्रह किंवा वेधशाळा यांपैकीं रेवदंड्यास वा बार्शीस कांहींच नव्हतें. डोळे, गणित आणि चिकाटी हींच त्यांचीं उपकरणें होतीं.

वर्गांतल्या मुलांसाठीं लिहिण्याची हौस त्यांना आरंभापासून होती. वयाची पंचविशी गांठण्यापूर्वींच, १८७६ सालीं, त्यांनीं 'विद्यार्थिबुद्धिवर्धिनी' हें पुस्तक प्रसिद्ध केलें. १८८२ सालीं 'सृष्टचमत्कार' निघालें. दोन्ही पुस्तकांचा हेतु त्यांच्या नांवांतच आहे. त्या काळीं मराठींत शास्त्रीय वाचनाची पेरणी नुकतीच होऊं लागली होती. आपल्या नगरासही तिचा वारा लागला होता. १८४२ सालीं येथून 'ज्ञानोदय' निघूं लागला होता. तरीही रात्रीं प्रत्यक्ष आकाश पाहत पाहत वाचावें असें पुस्तक मराठी मुलांच्या हातीं देण्याचें काम मोठें होतें, आणि तें दीक्षितांनीं १८९२ सालीं केलें. त्या पुस्तकाचें नांव 'ज्योतिर्विलास', आणि त्याचें दुसरें नांव रात्रीची दोन घटका मौज. एक घटका म्हणजे चोवीस मिनिटें. तेव्हां दोन घटका म्हणजे तासाहून बारा मिनिटें कमी. एवढा वेळ कोणासही काढतां येतो, आणि ज्योतिष हें कंटाळवाण्या गणिताचें ओझें नसून मौजेची वस्तु आहे, हें त्यांनीं नांवापासूनच वाचकाच्या मनावर बिंबविलें. भाषा घरगुती, विवेचन चोख. ज्यास पुढें गणित शिकावयाचें आहे त्यास तें पुस्तक वाट दाखवितें. ज्यास शिकावयाचें नाहीं त्यासही रिकाम्या हातीं परत पाठवीत नाहीं.

मुलांसाठीं सोपें लिहिणारे हे गृहस्थ पंडितांच्या सभेंतही मागें नव्हते. जॉन फेथफुल फ्लीट हे मुंबई इलाख्यांतील मुलकी अधिकारी गुप्त राजांच्या शिलालेखांचा अभ्यास करीत होते. गुप्तशक केव्हां सुरू झाला याविषयीं विद्वानांत मोठा वाद होता. मध्य प्रदेशांत सागर जिल्ह्यामध्यें एरण म्हणून गांव आहे. तेथील बुधगुप्ताच्या काळच्या स्तंभावर गुप्तवर्ष १६५, आषाढ शुद्ध द्वादशी, गुरुवार अशी मिति कोरलेली आहे. आतां विचार करा: कोणत्या इसवी सनांत त्या तिथीस गुरुवार येतो, हें गणितानें काढतां आलें तर शकाचा आरंभही तपासतां येईल. हें गणित दीक्षितांनीं केलें. ती मिति २१ जून ४८४ या दिवसाशीं जुळली, आणि गुप्तशकाचा आरंभ इसवी सन ३१९-३२० मध्यें धरावा या मतास बळकट आधार मिळाला. फ्लीट यांचा ग्रंथ १८८८ सालीं प्रसिद्ध झाला, त्यांत हें गणित आहे. चौदाशें वर्षांपूर्वींचा एक वार एका शाळामास्तरानें शोधून काढला, आणि राजांच्या वंशावळी त्या वारावर तोलल्या गेल्या!

त्यांचा दुसरा शोध याहूनही प्रसिद्ध आहे. शतपथब्राह्मणांत कृत्तिका पूर्व दिशेपासून ढळत नाहींत अशा अर्थाचा उल्लेख आहे. पुष्कळांनीं तो वाचला होता. दीक्षितांनीं मात्र तो वाचून आकाशाकडे पाहिलें. आज कृत्तिका ऐन पूर्वेस उगवत नाहींत. उत्तरेकडे बऱ्याच सरकून उगवतात. मग तें वाक्य खोटें म्हणावें काय? त्यांनीं उलट विचार केला. पृथ्वीचा आंस भोंवऱ्याच्या खिळ्याप्रमाणें अत्यंत मंद गतीनें डुलतो. या डुलण्यामुळें तारकांचीं उगवण्याचीं स्थळें शतकांमागून शतकें हळूहळू बदलतात, आणि एक फेरा पुरा होण्यास सुमारें २६,००० वर्षें लागतात. तेव्हां कृत्तिका बरोबर पूर्वेस केव्हां उगवत असतील, याचें त्यांनीं गणित केलें. उत्तर आलें तें शकापूर्वीं सुमारें तीन हजार वर्षांचें. हा निबंध १८९५ सालीं 'इंडियन अँटिक्वरी' या नियतकालिकांत छापला गेला. त्या उल्लेखाचा अर्थ कसा लावावा याविषयीं पुढें कांहीं पंडितांनीं आक्षेप घेतले. परंतु जुन्या वचनास आकाशाची साक्ष विचारावी ही दीक्षितांची रीति अभ्यासकांस विसरतां आली नाहीं.

आतां त्या मुलाच्या प्रश्नाकडे वळूं. त्याचें उत्तर याच डुलण्यांत आहे. सूर्याचें खरें वळणें २१-२२ डिसेंबरास होतें. आपलें प्रचलित पंचांग मात्र मकर राशीचा आरंभ स्थिर तारकांवरून मोजतें. या दोन गोष्टी सुमारें सतराशें वर्षांपूर्वीं एकाच वेळीं घडत. पुढें दर ७२ वर्षांस सुमारें एक अंश, म्हणजे स्थूलमानानें एक दिवस, असें अंतर पडत गेलें, आणि आज तें २३-२४ दिवसांचें झालें आहे. म्हणजे भूगोलाचें पुस्तक खरें, आणि आजीबाईचें म्हणणेंही एके काळीं खरें होतें. ऋतूंशीं जुळणाऱ्या गणनेस सायन व तारकांशीं जुळणाऱ्या गणनेस निरयन म्हणतात. दीक्षित सायन पक्षाचे होते. विसाजी रघुनाथ लेले व जनार्दन बाळाजी मोडक यांच्या साह्यानें त्यांनीं सायन पंचांग चालविलें. केरो लक्ष्मण छत्रे यांच्यासारखे थोर गणिती व लोकमान्य टिळक हे निरयन पक्षाचे. लोकांनीं सायन पंचांग फारसें स्वीकारलें नाहीं. तथापि दीक्षितांनीं कोणाविषयीं कडवटपणा धरला नाहीं. आपल्या ग्रंथांत त्यांनीं छत्र्यांच्या कार्याची माहिती आदरानें दिली आहे. पुढें १९५७ सालच्या २२ मार्चपासून भारत सरकारनें जी राष्ट्रीय दिनदर्शिका सुरू केली, तिचें वर्ष ऋतूंशीं जुळणारें आहे. घरोघरचीं पंचांगें मात्र बहुतेक निरयनच राहिलीं आहेत.

दीक्षितांचा मुख्य ग्रंथ 'भारतीय ज्योतिषशास्त्र' होय. पुण्याच्या दक्षिणा प्राइज कमिटीनें या विषयावरील ग्रंथास बक्षीस जाहीर केलें होतें, त्यानिमित्तानें तो लिहिला गेला, व १८९६ सालीं छापून निघाला. वेदकाळापासून आपल्या काळापर्यंत या देशांत आकाशाचें ज्ञान कसें वाढलें, कोणी काय शोधिलें, कोणाचें गणित कोठें चुकलें, हें सर्व त्यांत स्वतः पडताळून लिहिलें आहे. स्वकीयांचें म्हणून त्यांनीं कांहीं फुगविलें नाहीं, व परकीयांचें म्हणून कांहीं झांकलें नाहीं. त्याच वर्षीं रॉबर्ट सेवेल यांच्यासह लिहिलेला त्यांचा तिथि व तारखा जुळविण्याचा इंग्रजी ग्रंथ लंडनमध्यें प्रसिद्ध झाला. मराठी ग्रंथाचीं पुढें हिंदी व इंग्रजी भाषांतरेंही झालीं. ज्यास कॉलेजचें दार उघडलें नाहीं त्याचा ग्रंथ कॉलेजांतील अध्यापक उघडून बसूं लागले.

१८९८ सालच्या २२ जानेवारीस महाराष्ट्रावरून खग्रास सूर्यग्रहण गेलें. कोंकणांत विजयदुर्गास आणि आपल्या जिल्ह्याच्या सीमेजवळ, करमाळा तालुक्यांतील जेऊर स्टेशनापाशीं, परदेशांतील शास्त्रज्ञ मोठमोठ्या दुर्बिणी घेऊन उतरले होते. त्यानंतर तीनच महिन्यांनीं, एप्रिलमध्यें, दीक्षित पुण्यास निवर्तले. त्यांचें वय अद्याप पंचेचाळीसही झालें नव्हतें. हातीं घेतलेलें पुष्कळ काम तसेंच राहिलें. 'भारतवर्षीय भूवर्णन' हें त्यांचें पुस्तक त्यांच्यामागें १८९९ सालीं प्रसिद्ध झालें.

मित्रहो, या चरित्रापासून घ्यावयाचा बोध फार दूर शोधावा लागत नाहीं. दुर्बीण नाहीं, पैसा नाहीं, पदवी नाहीं, या सबबी दीक्षितांस सहज सांगतां आल्या असत्या. त्यांनीं त्या सांगितल्या नाहींत. पुस्तकांत छापलें आहे म्हणून त्यांनीं मानलें नाहीं, आणि जुनें आहे म्हणून टाकलेंही नाहीं, ताडून पाहिलें. तें तुम्हांसही करतां येईल. शाळेच्या मैदानांत एक सरळ काठी उभी रोवा व तिच्याभोंवतीं दोरीनें वर्तुळ काढा. सकाळीं सावलीचें टोंक वर्तुळास जेथें टेंकेल तेथें एक खूण करा आणि तिसऱ्या प्रहरीं पुन्हां टेंकेल तेथें दुसरी. त्या दोन खुणा जोडणारी रेघ हीच खरी पूर्वपश्चिम होय. मग कार्तिक महिन्यांत दिवस मावळल्यावर त्या रेघेवर उभे राहा आणि कृत्तिकांचा पुंजका उगवतांना पाहा. हात लांब करून मूठ धरली म्हणजे ती आकाशाचे सुमारें दहा अंश झांकते. अशा अडीच मुठी पूर्वेपासून उत्तरेकडे मोजा. कृत्तिका तेथें दिसतील. पांच हजार वर्षांत आकाश किती सरकलें तें तुम्हीं आपल्या मुठीनें मोजलें असें होईल.

आणि एक गोष्ट शिक्षकांसाठीं व पुढें शिक्षक होणारांसाठीं. प्रश्नाचें उत्तर ठाऊक नसणें हा दोष नव्हे. विचारणाऱ्यास खालीं बसविणें हा दोष होय. ठाऊक नसेल तर मुलासह अंगणांत जावें व दोघांनीं मिळून वर पाहावें. ज्या मुलाच्या प्रश्नापासून हा लेख सुरू झाला तो केव्हांच शाळा सोडून गेला आहे. त्याचें देणें राहिलें होतें. तें आज तुमच्या हातीं देत आहों.