माद्रिदचा कारभारी : सांतियागो बेर्नाबेऊ

आमच्या विद्यार्थ्यांपैकीं ज्यांना फुटबॉलचा नाद आहे त्यांना रेआल माद्रिद हें नांव सांगावयास नको. परंतु त्या क्लबाचें भव्य मैदान ज्यांच्या नांवानें ओळखलें जातें ते सांतियागो बेर्नाबेऊ कोण, असें विचारलें असतां वर्गांत बहुधा शांतता पसरते. ती दूर व्हावी म्हणून हा अल्पसा चरित्रलेख.

बेर्नाबेऊ यांचा जन्म ८ जून १८९५ रोजीं स्पेन देशाच्या अल्बासेते प्रांतांत झाला. एल एस्कोरियाल येथें ऑगस्टिनियन पंथाच्या संन्याशांनीं चालविलेली शाळा होती. तींत त्यांचें शिक्षण झालें व चेंडूची गोडीहि तेथेंच लागली. मिशनच्या शाळेंत आयुष्य घालविलेल्या आम्हांस ही गोष्ट वाचून किंचित् अभिमान वाटला, हें कबूल केलें पाहिजे.

१९०९ सालीं, चवदाव्या वर्षीं, ते माद्रिद क्लबाच्या मुलांच्या संघांत दाखल झाले. सांतियागोला गोलकीपर व्हावयाचें होतें. परंतु त्याचे वडील बंधु मार्सेलो यांनीं त्याला पुढच्या फळींत खेळावयास लाविलें, असें सांगतात. क्लबाचें नवें मैदान तयार होत असतां कुंपणाच्या कामीं खेळाडूंनींच हातभार लाविला व त्यांत हा पोरहि होता, अशीहि एक आख्यायिका आहे. १९१२ पासून ते मुख्य संघांत फॉरवर्ड म्हणून खेळूं लागले, पुढें कप्तान झाले, आणि १९२७ च्या सुमारास त्यांनीं खेळ सोडला. मध्यंतरीं कायद्याची पदवी घेतली. परंतु मन कोर्टांत रमलें नाहीं. स्पेनच्या राष्ट्रीय संघाकडून खेळण्याचा योग त्यांना कधींच आला नाहीं. चांगले खेळाडू, पण अलौकिक नव्हेत, असेंच त्यांच्याविषयीं म्हणावें लागेल. आमच्या समजुतीप्रमाणें पुढील कर्तृत्वास ही गोष्ट पोषकच झाली. ज्याला टाळ्यांची फार संवय जडते त्याला मागाहून हिशेबाच्या वह्या उघडून बसणें जड जातें. बेर्नाबेऊ यांनीं बूट काढले आणि क्लबाच्या कचेरींत पडेल तें काम करूं लागले.

१९३६ सालीं स्पेनमध्यें यादवी युद्ध पेटलें. बेर्नाबेऊ जनरल फ्रँको यांच्या बाजूनें लढले. ही गोष्ट आम्ही झांकून ठेवीत नाहीं. लोकांनीं निवडलेलें सरकार जाऊन तेथें जी हुकूमशाही आली ती १९७५ पर्यंत टिकली, आणि तिच्याच छायेखालीं त्यांची बहुतेक कारकीर्द गेली. याच क्लबाचे युद्धापूर्वींचे अध्यक्ष राफाएल सांचेस गेर्रा हे प्रजासत्ताकाच्या बाजूचे होते. त्यांच्या वांट्यास तुरुंग व परदेशवास आला, आणि उतारवयांत ते डोमिनिकन पंथाचे संन्यासी झाले. एकाच मैदानावरून निघालेल्या दोन वाटा किती निराळ्या व्हाव्या!

युद्ध थांबलें तेव्हां चामार्तिन येथील मैदान मोडकळीस आलें होतें व सभासद पांगले होते. उरलेसुरले लोक गोळा करण्यांत बेर्नाबेऊ यांनीं पुढाकार घेतला. पुढें जून १९४३ मध्यें चषकाच्या उपांत्य फेरींत बार्सिलोनानें माद्रिदला ३-० असें हरविलें, आणि परतीच्या सामन्यांत माद्रिदनें ११-१ असा विजय मिळविला. असला निकाल कोणाच्याहि मनास पटण्यासारखा नव्हता. पाहुण्या खेळाडूंना धाक घालण्यांत आला अशी बोलवा उठली, वैर भडकलें, आणि दोन्ही क्लबांच्या अध्यक्षांना पायउतार व्हावें लागलें. त्या रिकाम्या झालेल्या खुर्चीवर १५ सप्टेंबर १९४३ रोजीं बेर्नाबेऊ बसले, ते मरेपर्यंत उठले नाहींत. बार्सिलोनाशीं सलोख्याचे सामने घडवून आणणें हें त्यांच्या आरंभींच्या कामांपैकीं एक होय.

आतां मुख्य गोष्ट. अध्यक्ष होऊन वर्ष होतें न होतें तोंच त्यांनीं जुन्या मैदानालगतची जागा घेऊन तेथें प्रचंड मैदान बांधण्याचें ठरविलें. काळ कोणता? देशांत अन्नधान्याचें रेशनिंग चालू, सिमेंट व लोखंड मिळण्याची मारामार, आणि क्लबानें साखळी स्पर्धा शेवटची जिंकली ती १९३३ सालीं. त्यांना वेडा म्हणणारे पुष्कळ निघाले. त्यांचा हिशेब मात्र सरळ होता : जागा मोठी तर प्रेक्षक अधिक, प्रेक्षक अधिक तर उत्पन्न अधिक, आणि उत्पन्न असेल तरच उत्तम खेळाडू आणतां येतील. बँकेनें कर्ज दिलें, आणि सभासदांनीं कर्जरोखे विकत घेतले. १४ डिसेंबर १९४७ रोजीं लिस्बनच्या बेलेनेंसिस संघाशीं सामना होऊन मैदानाचें उद्घाटन झालें. माद्रिदनें तो ३-१ असा जिंकला. सुमारें पंचाहत्तर हजार लोकांची तेथें सोय होती. आणि गंमत अशी कीं, त्याच हंगामांत चवदा संघांमध्यें माद्रिदचा नंबर अकरावा लागला! दुकान टोलेजंग, पण मांडावयास माल नाहीं, अशी ही अवस्था. कर्जाचा बोजा डोक्यावर असतां अशा वर्षीं रात्रीं झोंप कशी लागत असेल, हा विचार आमच्या मनांत वारंवार येतो.

माल आला तो १९५३ सालीं. आदल्या वर्षीं क्लबाच्या सुवर्णमहोत्सवास कोलंबियांतील मियोनारिओस हा संघ आला व यजमानांना हरवून गेला. त्यांतील आल्फ्रेदो दि स्तेफानो या अर्जेंटिनाच्या खेळाडूवर बेर्नाबेऊ यांची नजर बसली. बार्सिलोनालाहि तेच हवे होते. दोन्ही क्लबांनीं त्यांना आळीपाळीनें खेळवावें असा विचित्र तोडगा निघाला. बार्सिलोनानें हक्क सोडला आणि ते माद्रिदचे झाले. या प्रकरणांत सरकारचा हात होता असें बार्सिलोनाचे लोक म्हणत आले आहेत. १९५४ सालीं एकवीस वर्षांनंतर साखळी स्पर्धा पुन्हा माद्रिदकडे आली. जानेवारी १९५५ मध्यें सभासदांनीं मैदानास अध्यक्षांचें नांव दिलें.

त्याच वर्षीं एका फ्रेंच क्रीडापत्राच्या सूचनेवरून युरोपांतील विजेत्या क्लबांची स्पर्धा सुरू झाली. बेर्नाबेऊ यांनीं तिला प्रथमपासून उचलून धरलें. १९५६ ते १९६० अशीं पहिलीं पांचहि वर्षें चषक माद्रिदनेंच नेला. पांचवा अंतिम सामना ग्लासगो येथें सव्वा लाखाहून अधिक लोकांसमोर झाला व फ्रँकफुर्टच्या संघाविरुद्ध ७-३ असा जिंकला गेला. याहीपेक्षां आम्हांस दुसरी एक गोष्ट अधिक आवडते. १९५८ च्या फेब्रुवारींत म्यूनिच येथील विमान-अपघातांत मँचेस्टर युनायटेडचे आठ खेळाडू मरण पावले. त्यानंतर माद्रिदचा संघ मँचेस्टरला खेळावयास गेला, तेव्हां बेर्नाबेऊ यांनीं आपल्या क्लबाचा नेहमींचा मोबदला बराच कमी करून घेतला.

मात्र त्यांचा स्वभाव करडा होता. १९६४ सालीं अंतिम सामना हरल्यावर दि स्तेफानो यांच्याशीं बेबनाव झाला आणि ज्या माणसानें मैदान भरून दाखविलें त्याला दुसऱ्या क्लबांत जावें लागलें. कारभाऱ्याला वयस्क खेळाडू कधींतरी दूर करावा लागतोच. तथापि तें अधिक गोडीनें करतां आलें असतें, असें आम्हांस वाटतें. दि स्तेफानो माद्रिदचे शिक्षक म्हणून परतले ते १९८२ सालीं. दरम्यान १९६६ मध्यें केवळ स्पॅनिश खेळाडूंच्या संघानें सहावा युरोपीय चषक जिंकला होता.

बेर्नाबेऊ यांची राहणी साधी होती. त्यांना अपत्य नव्हतें. सुट्टी मिळाली कीं समुद्रकांठच्या सांता पोला या गांवीं पत्नीसह जावें व मासे धरीत बसावें, हाच त्यांचा विरंगुळा. २ जून १९७८ रोजीं, म्हणजे अर्जेंटिनांत जागतिक स्पर्धा सुरू झाली त्याच्या दुसऱ्या दिवशीं, ते वारले. त्या स्पर्धेंत तीन दिवस दुखवटा पाळण्यांत आला, आणि त्यांचा देह अल्मान्सा येथील दफनभूमींत ठेवण्यांत आला.