शफी इनामदार : आपल्या पिढीचा शेजारी



स्मरणिकेत शाळेच्या आठवणी लिहिणारे पुष्कळ आहेत. मी लिहितोय तो माणूस आपल्या शाळेत शिकला नाही, पण आपल्या वर्गातल्या प्रत्येकाच्या ओळखीचा आहे. आजच्या मुलांना शफी इनामदार हे नाव समजावून सांगावं लागतं. आपल्याला ‘ये जो है जिंदगी’ एवढं म्हटलं तरी पुरे.

इनामदार मूळचे कोकणातले, दापोलीकडचे. जन्म २३ ऑक्टोबर १९४५चा. कॉलेज मुंबईत झालं आणि तिथेच नाटकाचं वेड लागलं. पुढची कितीतरी वर्षं त्यांनी रंगभूमीवर काढली. गुजराती, हिंदी, मराठी अशा वेगवेगळ्या भाषांत अभिनय केला, दिग्दर्शन केलं. पडद्यावर ते आले तेव्हा चाळिशी जवळ आली होती. १९८३च्या ‘अर्धसत्य’मध्ये ओम पुरींच्या वेलणकरला व्यवहाराच्या चार गोष्टी सांगणारा पोलीस अधिकारी हैदर अली त्यांनी केला. लहानच काम, पण लक्षात राहिलं.

१९८४ साली दूरदर्शनवर ‘ये जो है जिंदगी’ सुरू झाली. लेखन शरद जोशींचं, दिग्दर्शकांत कुंदन शाह. आपण तेव्हा माध्यमिक शाळेत होतो. सिन्नरमध्ये टीव्ही मोजक्याच घरी. आमच्या गल्लीत ज्यांच्याकडे होता, त्यांच्या ओसरीपर्यंत माणसं बसायची. चित्र हलायला लागलं की एकाने कौलांवर चढून अँटेना फिरवायचा आणि खालून बाकीच्यांनी ओरडायचं. घरी विड्या वळणाऱ्या बायकाही हातातलं सूप बाजूला ठेवून यायच्या. हिंदी सगळ्यांना कळायचंच असं नाही, पण हसायला कुणाचं अडत नसे.

त्या मालिकेत रणजीत वर्मा झालेल्या इनामदारांच्या वाट्याला खरं तर हशे कमी होते. सतीश शाह दर भागात नवं सोंग घेऊन यायचे, राकेश बेदींचा मेहुणा घोळ घालायचा, स्वरूप संपत यांची रेणू रुसायची. या सगळ्यांच्या मध्ये इनामदार उभे असायचे. ऐकायचे, वैतागायचे, सावरून घ्यायचे. तेव्हा मला सतीश शाह आवडायचे. आता पुन्हा भाग बघताना कळतं, की समोर इनामदारांसारखा ऐकणारा होता म्हणून त्या सोंगांना रंग चढत होता. नोकरी, घर आणि पाहुणे सांभाळणारा तो नवरा आपल्या गल्लीतला वाटायचा. इनामदार आडनावाचा हा कोकणी मुसलमान वर्मा होऊन आला आणि घराघरांतला झाला. त्याची जात-पात कुणी विचारली नाही, हे मला आज फार मोलाचं वाटतं.

ते एकाच साच्यात अडकले नाहीत. १९८८च्या गुलजार यांच्या ‘मिर्झा गालिब’मध्ये ते गालिबचे प्रतिस्पर्धी शायर जौक झाले. ‘हम दोनों’ हा ऋषी कपूर आणि नाना पाटेकरांचा चित्रपट त्यांनी दिग्दर्शित केला. तो १९९५ साली आला. मराठी रसिकांशी त्यांचं आणखी एक नातं होतं. ‘ती फुलराणी’ गाजवणाऱ्या भक्ती बर्वे त्यांच्या पत्नी.

१३ मार्च १९९६. विश्वचषकाचा उपांत्य सामना, भारत विरुद्ध श्रीलंका, ईडन गार्डन्स. आपल्यापैकी बहुतेकांनी तो पाहिला असेल. विकेटा धडाधड पडल्या, प्रेक्षकांनी गोंधळ घातला, सामना थांबला. तोच सामना पाहताना इनामदारांना हृदयविकाराचा झटका आला आणि ते गेले. वय अवघं पन्नास. पाच वर्षांनी, फेब्रुवारी २००१मध्ये, भक्तीताईही मुंबई-पुणे रस्त्यावरच्या अपघातात गेल्या.

पन्नाशी तेव्हा आपल्याला म्हातारपण वाटायचं. आज आपण सगळे ती ओलांडून बसलो आहोत. सगळे म्हणवत नाही, कारण हजेरीपटावरची काही नावं तिथपर्यंत पोहोचली नाहीत. त्यातले एक-दोघे अगदी रणजीत वर्मासारखे होते. गॅदरिंगमध्ये टाळ्या दुसऱ्यांना मिळायच्या आणि विसरलेलं वाक्य मागून हे पुरवायचे. त्यांचे फोटो शोधूनही फारसे सापडले नाहीत, ते नेहमी कडेला उभे असत.

म्हणून एक विनंती. आपल्यातही असे गप्प बसणारे आहेत. मेळाव्यात त्यांच्याजवळ जाऊन बसा. आणि छातीत जरा दुखलं तर ॲसिडिटी म्हणून अंगावर काढू नका, डॉक्टर गाठा. पुढच्या मेळाव्याला ही यादी आहे तेवढीच राहू दे.