ॲडॉल्फ सॅक्स : बँडच्या वाद्यांसाठी झिजलेला माणूस

नोव्हेंबर महिना आला की आपले लक्ष मृतांच्या स्मरणाकडे असते. ह्याच महिन्याच्या २२ तारखेला संगीताची आश्रयदाती संत सेसिलिया हिचा सण येतो आणि गायकमंडळाचे लोक तेवढे तो लक्षात ठेवतात. बँडवाल्यांची आठवण मात्र त्या दिवशीही कोणाला होत नाही. म्हणून ह्या वेळी आम्ही ज्याचे चरित्र निवडले आहे तो संत नाही, धर्मगुरू नाही, आदर्श प्रापंचिक म्हणावा असाही नाही. तो एक वाद्ये बनविणारा कारागीर होता. सणाच्या मिरवणुकीत आणि लग्नाच्या वरातीत जी पितळी वाद्ये आपण ऐकतो, त्यांपैकी बरीचशी त्याच्या हातून आजच्या रूपाच्या जवळ आली. सॅक्सोफोनला तर त्याचेच आडनाव मिळाले आहे.

ॲडॉल्फ सॅक्स याचा जन्म ६ नोव्हेंबर १८१४ रोजी म्यूज नदीकाठच्या दिनाँ या गावी झाला. आज हे गाव बेल्जियममध्ये आहे. त्या वेळी बेल्जियम नावाचा देशच नव्हता, तो १८३० साली स्वतंत्र झाला. मध्ययुगापासून दिनाँची ख्याती पितळकामासाठी होती. युरोपातल्या कितीतरी चर्चमधल्या समया, क्रूस आणि वाचनपीठे या गावच्या कारागिरांनी घडविली. त्या कामाला फ्रेंच भाषेत जे नाव आहे तेही दिनाँवरूनच पडले. अशा गावात जन्मलेल्या मुलाने पितळेशीच आयुष्यभर झुंज द्यावी, हा योगायोग आम्हांला विशेष वाटतो.

वडील शार्ल जोसेफ हे मूळचे सुतारकाम करणारे. पुढे त्यांनी ब्रुसेल्स येथे वाद्यांचा कारखाना काढला आणि राजाच्या दरबारचे वाद्यकार म्हणून नाव मिळविले. अकरा भावंडांत ॲडॉल्फ थोरला. त्याच्या बालपणाविषयी ज्या गोष्टी सांगतात त्या ऐकून अंगावर काटा येतो. जिन्यावरून पडून डोके दगडावर आपटले; दूध समजून तो आम्लमिश्रित पाणी प्याला; टाचणी गिळली; बंदुकीच्या दारूच्या स्फोटात भाजला; तापलेल्या तव्यावर पडला; व्हार्निश लावलेल्या सामानाच्या खोलीत झोपून गुदमरला; नदीत पडला. ह्यांतले सगळेच अक्षरशः घडले असेल असे नाही. पण शेजारीपाजारी त्याला भूत म्हणत आणि प्रत्यक्ष आईनेही त्याच्या जगण्याची आशा धरली नव्हती, असे त्याचे चरित्रकार लिहितात. तो मुलगा ७९ वर्षे जगला.

ब्रुसेल्सच्या संगीतशाळेत तो बासरी आणि क्लॅरिनेट शिकला. वाजविणाऱ्याचे ओठ आणि घडविणाऱ्याचे हात एकाच माणसाकडे असणे ही दुर्मिळ गोष्ट. १८३८ साली त्याने बास क्लॅरिनेट हे वाद्य सुधारून त्याचे पेटंट घेतले. १८४१ च्या ब्रुसेल्स येथील प्रदर्शनात त्याच्या वाद्यांना सुवर्णपदक मिळणार अशी चिन्हे होती, पण परीक्षकांनी त्याचे वय फार लहान म्हणून सोन्याचा मुलामा दिलेले पदक देऊ केले. ते त्याने नाकारले. पुढच्याच वर्षी तो जवळजवळ रिकाम्या खिशाने पॅरिसला गेला. ह्या माणसाला पडते घेणे कधी जमले नाही. त्याच्या यशाचे कारण तेच आणि हालअपेष्टांचे कारणही तेच.

पॅरिसमध्ये त्याला बर्लिओझ हा मित्र लाभला. हा मोठा संगीतकार वर्तमानपत्रात संगीतावर लिहीत असे. १८४२ च्या जून महिन्यात त्याने सॅक्सविषयी कौतुकाचा लेख लिहिला आणि हा तरुण एका दिवसात पॅरिसला माहीत झाला. पाठोपाठ शत्रूही आले. शहरातल्या जुन्या वाद्यकारांना हा परका पोरगा डोळ्यांत सलू लागला. १८४३ मध्ये डोनिझेट्टी या संगीतकाराने आपल्या ऑपेरात सॅक्सची वाद्ये घ्यायचे ठरविले तेव्हा वादकांनीच उठून जाण्याची धमकी दिली आणि त्याला बेत सोडावा लागला.

आता थोडे वाद्यांविषयी सांगायला हवे, नाहीतर हे भांडण कशासाठी होते ते कळणार नाही.

पितळी वाद्यात सूर निघतो तो ओठांच्या थरथरण्यातून. साधी नळी असेल तर तिच्यातून काही ठरावीकच सूर मिळतात. मधले सूर गळतात. जुन्या काळचे शिंग किंवा तुतारी म्हणजे असेच. ही उणीव भरून काढण्यासाठी पूर्वी नळीला भोके पाडीत. चर्चच्या इतिहासात ह्याचे एक गमतीचे उदाहरण आहे. १५९० च्या सुमारास फ्रान्समधील ओसेर येथील एका कॅननने ‘सर्प’ नावाचे वाद्य बनविले असे परंपरा सांगते. लाकडाची सुमारे आठ फूट लांब नळी, वरून चामड्याचे वेष्टन आणि आकार खरोखरच नागमोडी. चर्चमध्ये लॅटिन स्तोत्रे गाणाऱ्यांच्या जाड आवाजाला आधार देण्यासाठी ते वाजवीत. दोन शतकांहून अधिक काळ फ्रान्समधल्या चर्चमध्ये ते ऐकू येत होते. म्हणजे आजच्या ट्युबाचा पणजोबा वेदीच्या सेवेतच वाढला म्हणायचा! ‘ट्युबा’ हा शब्दही आपल्या लॅटिन बायबलमधला. तिथे त्याचा अर्थ कर्णा. दीडशेव्या स्तोत्रात आणि शेवटच्या दिवसाच्या वर्णनात तोच शब्द आहे.

१८१४ नंतरच्या काही वर्षांत जर्मनीत खटक्याची, म्हणजे व्हॉल्व्हची, युक्ती निघाली. खटका दाबला की हवा नळीच्या एका जादा वळणातून फिरून येते, नळी तेवढी लांब होते आणि सूर खाली उतरतो. मधला खटका अर्धा स्वर उतरवितो, पहिला एक स्वर, तिसरा दीड स्वर. तिन्हींच्या जुळवाजुळवीतून गळालेले सूर परत मिळतात. १८३५ साली बर्लिनमध्ये वीप्रेख्त आणि मॉरिट्झ ह्या दोघांनी ह्याच तत्त्वावर ट्युबाचे पेटंट घेतले. तेव्हा ट्युबा सॅक्सने शोधला असे कोणी म्हणेल तर ते खरे नाही.

मग सॅक्सने केले काय? त्याने एक कुटुंब उभे केले. त्या काळच्या फ्रेंच लष्करी बँडमध्ये नाना घराण्यांची वाद्ये होती. एकाचा आवाज दुसऱ्याशी जुळत नसे आणि एक शिकलेल्याला दुसरे नव्याने शिकावे लागे. सॅक्सने १८४३ पासून ‘सॅक्सहॉर्न’ची मालिका आणली. लहानापासून मोठ्यापर्यंत सगळ्यांची घडण सारखी, तोंड वर केलेले, खटके तसेच, बोटे ठेवण्याची पद्धत तीच. धाकटे वाद्य वाजविणारा थोड्या सरावाने थोरले हाती घेऊ शके. सर्वांत खालच्या सुरांच्या वाद्याची नळी उलगडली तर अठरा फूट भरते, तरी शिकण्याची रीत तीच! गाणे शिकायला गुरू आणि पैसा नसलेल्या शिपायाला, खाणकामगाराला, गिरणीतल्या मजुराला बँडमध्ये उभे राहता आले ते ह्यामुळे. आमच्या मते सॅक्सोफोनपेक्षा ही कामगिरी मोठी आहे, जरी त्याचे नाव राहिले ते सॅक्सोफोनमुळे.

२२ एप्रिल १८४५ रोजी पॅरिसच्या शाँ-द-मार्स मैदानावर दोन बँडची जाहीर परीक्षा झाली. एका बाजूला लष्करी संगीतशाळेचा प्रमुख काराफा याचा जुन्या पद्धतीचा बँड, दुसऱ्या बाजूला सॅक्सचा. सुमारे वीस हजार लोक जमले होते असे सांगतात. सॅक्सचे काही वादक ऐन वेळी आलेच नाहीत. त्यांना फितविले होते असा संशय होता. कमी माणसांनिशीच त्याचा बँड वाजला आणि लोकांनी त्यालाच डोक्यावर घेतले. त्याच वर्षी सरकारने लष्करी बँडची नवी रचना जाहीर केली आणि त्यात सॅक्सच्या वाद्यांना मानाची जागा मिळाली. १८४६ साली सॅक्सोफोनचे पेटंट झाले. हे वाद्य पितळेचे असले तरी त्याचा सूर क्लॅरिनेटप्रमाणे वेताच्या पातीतून निघतो, म्हणून संगीताचे जाणकार त्याला लाकडी फुंकवाद्यांत धरतात.

सरकारी मागणी हातची गेल्यावर वाद्यकारांनी एकजूट केली आणि पेटंट रद्द करण्यासाठी दावे लावले. सॅक्सची वाद्ये विकत घेऊन, त्यांवरचे त्याचे नाव घासून काढून, ती परदेशी आणि जुनी म्हणून पुढे केली गेली असेही म्हणतात. विरोधकांच्या बोलण्यात मुळीच तथ्य नव्हते असे नाही. खटके जर्मनीतले, मोठी पितळी वाद्येही आधीची. बर्लिनचा वीप्रेख्त तर हेच उघडपणे सांगत होता. पण सगळ्यांना एका घडणीत बसविणारा सॅक्सच, आणि सॅक्सोफोनसारखे तर त्याच्या आधी कोणाकडे काहीच नव्हते. १८५४ मध्ये रूआँच्या न्यायालयाने त्याच्या बाजूने निकाल दिला, पण तोवर पुष्कळ काही हातचे निसटले होते. १८४८ च्या क्रांतीत राजा गेला, राजाबरोबर आश्रय गेला, आणि १८५२ मध्ये सॅक्सचे दिवाळे वाजले. पुढे तिसऱ्या नेपोलियनने त्याला दरबारचा वाद्यकार नेमले म्हणून तो सावरला. निकालानंतरही दावे थांबले नाहीत. न्याय मिळायला उशीर झाला की घर कसे बसते, हे कोर्टाच्या पायऱ्या चढलेल्यांना वेगळे सांगायला नको.

ह्याच सुमारास त्याच्या ओठावर गाठ आली. ती वाढत गेली. ज्याचे सारे आयुष्य ओठांवर उभे, त्याला ओठाचा कर्करोग! डॉक्टरांनी शस्त्रक्रियेशिवाय उपाय नाही असे सांगितले. शेवटी तो पॅरिसमध्ये ‘काळा डॉक्टर’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या व्रीस नावाच्या वैद्याकडे गेला. पदवीधर डॉक्टर ह्या माणसाला भोंदू म्हणत. त्याने वनस्पतींची औषधे दिली, आणि १८५९ मध्ये सॅक्स बरा झाला. ती गाठ नक्की कशाची होती ह्यावर आम्ही मत देणार नाही, आणि कोणी ह्यावरून डॉक्टर सोडून झाडपाल्याच्या मागे लागू नये.

त्याच्या घराविषयीही लिहायला हवे. लुईझ अडेल ही त्याची सहचारिणी होती, तिच्यापासून त्याला मुले झाली, पण त्याने तिच्याशी विवाह केला नाही. १८६० साली ती वारली. ती साध्या घरातली होती, एवढेच कारण चरित्रकार देतात. राजदरबारी वावरणाऱ्या माणसाला तिचे नाव आपल्या नावापुढे लावण्याचा संकोच वाटला असेल तर ती त्याच्या चरित्रातली सर्वांत खेदाची गोष्ट आहे. वाद्यांसाठी जो सगळ्या पॅरिसशी लढला, त्याने हिच्यासाठी तेवढे धैर्य का दाखवू नये?

१८५७ पासून तो पॅरिसच्या संगीत महाविद्यालयात लष्करी विद्यार्थ्यांना सॅक्सोफोन शिकवीत असे. १८७० मध्ये युद्ध आले आणि वर्ग बंद पडला. १८७३ आणि १८७७ मध्ये पुन्हा दिवाळे निघाले. १८७७ च्या डिसेंबरात त्याच्या संग्रहातली ४६७ वाद्ये लिलावात गेली. देशोदेशींची ती वाद्ये त्याने स्वतः जमवून संग्रहालयासारखी मांडली होती. ७ फेब्रुवारी १८९४ रोजी पॅरिस येथे गरिबीतच त्याचे निधन झाले. माँमार्त्रच्या दफनभूमीत त्याची कबर आहे. दिनाँच्या पुलावर आता रंगीबेरंगी सॅक्सोफोनच्या प्रतिकृती उभ्या आहेत. बेल्जियमने १९९५ साली दोनशे फ्रँकच्या नोटेवर त्याचे चित्र छापले. युरो आल्यावर ती नोट गेली. आयुष्यभर पैशाने ज्याला झुलविले, त्याला पैशावर जागा मिळाली ती अशी!

त्याची वाद्ये आपल्यापर्यंत आली कशी? डिस्टिन नावाच्या इंग्रज वादक कुटुंबाने १८४४ मध्ये पॅरिसला सॅक्सहॉर्न पाहिले, उचलले आणि इंग्लंडभर त्यांचे कार्यक्रम केले. तिथे खाणींच्या आणि गिरण्यांच्या गावांत ब्रास बँड निघाले. गोऱ्या पलटणींबरोबर बँड हिंदुस्थानात होतेच. लष्करातून बाहेर पडलेले वादक आणि उतरलेली वाद्ये गावोगावच्या लग्नात गेली. मीरत येथे तर ही वाद्ये बनविण्याचा मोठा धंदाच उभा राहिला. गोव्यात चर्चच्या शाळांतून सूरलिपी शिकलेले आपले ख्रिस्ती बांधव मुंबईत आले, आणि हिंदी चित्रपटांच्या वाद्यवृंदात कर्णे नि सॅक्सोफोन फुंकू लागले.

राहता राहिला प्रश्न चर्चचा. पोप दहावे पायस यांनी २२ नोव्हेंबर १९०३ रोजी, म्हणजे संत सेसिलियाच्याच सणादिवशी, पवित्र संगीतावर एक आज्ञापत्र काढले. त्यात चर्चच्या आत बँड वाजविण्यास सक्त मनाई केली. विशेष प्रसंगी बिशपांच्या संमतीने मोजकी फुंकवाद्ये चालतील, आणि बाहेरच्या मिरवणुकीत बँड चालेल, पण त्याने ऐहिक चाली वाजवू नयेत, अशी सूट ठेवली. (मिरवणुकीत मधूनच सिनेमाचे गाणे सुरू करणाऱ्या आणि ते करायला लावणाऱ्या मंडळींनी हे वाक्य पुन्हा वाचावे.) दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने डिसेंबर १९६३ मध्ये उपासनेविषयीच्या दस्तऐवजात ऑर्गनचा मान कायम ठेवून इतर वाद्यांनाही दार उघडले. अट एवढीच, की ती पवित्र कार्याला साजेशी असावीत आणि स्थानिक धर्माधिकाऱ्यांची संमती असावी. तरी मिरवणूक दाराशी पोहोचली की आपले बँडवाले वाजविणे थांबवून बाहेरच उभे राहतात, आणि पुष्कळदा मिस्सा संपेपर्यंत तिथेच, वाद्ये मांडीवर घेऊन, अंगणात बसून राहतात. आत अजून बाके रिकामी असतात.