कलामहर्षी बाबूराव पेंटर आणि हरवलेली 'सैरंध्री'

कीचकवधाची कथा आपल्यापैकी अनेकांनी घरच्या वडीलधाऱ्यांच्या तोंडून ऐकली आहे. अज्ञातवासात द्रौपदी सैरंध्री या नावाने विराट राजाच्या राणीची दासी होऊन राहिली. राणीचा भाऊ कीचक तिच्यावर भाळला, तिच्या मागे लागला आणि शेवटी भीमाच्या हातून मारला गेला. याच कथेवर कोल्हापुरात एक मूकपट तयार झाला होता. आज तो कोठेही पाहावयास मिळत नाही. तो निर्माण करणाऱ्या बाबूराव पेंटर यांचा परिचय आम्ही आज वाचकांना करून देत आहोत.

बाबूरावांचा जन्म ३ जून १८९० रोजी कोल्हापुरात झाला. त्यांचे मूळ आडनाव मेस्त्री. सुतारकाम, मूर्तिकाम व चित्रकला या कुटुंबाच्या अंगातच होती. बाबूराव व त्यांचे बंधू आनंदराव नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवीत. त्या कामामुळेच लोक त्यांना पेंटर म्हणू लागले व तेच नाव कायम झाले.

१९१३ साली दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' प्रसिद्ध झाला. तो पाहून आपणही चित्रपट काढावा, असे या भावांच्या मनाने घेतले. पण कॅमेरा कोठून आणावा? विलायती यंत्र विकत घेण्याची ऐपत नव्हती. तेव्हा कॅमेरा आपणच तयार करावयाचा, असे त्यांनी ठरविले. दुर्दैवाने १९१६ साली आनंदराव वारले. बाबूरावांनी धीर सोडला नाही. विष्णुपंत दामले या शिष्याच्या मदतीने त्यांनी ते यंत्र पुरे केले. गायिका तानीबाई कागलकर यांनी भांडवल दिले आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली.

पहिल्या चित्रपटासाठी बाबूरावांनी कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांचे 'कीचकवध' हे नाटक निवडले. ही निवड साधी नव्हती. १९०७ साली हे नाटक रंगभूमीवर आले, तेव्हा प्रेक्षकांना कीचकात उन्मत्त इंग्रज सत्ता दिसली आणि द्रौपदीत अपमानित भारतमाता दिसली. म्हणून १९१० साली सरकारने त्यावर बंदी घातली. ज्या नाटकाचे शब्द सरकारला सहन झाले नाहीत, त्याची कथा बाबूरावांनी शब्दांवाचून पडद्यावर आणली.

त्या काळी भल्या घरची स्त्री चित्रपटात काम करीत नसे. पुष्कळ ठिकाणी पुरुषच लुगडे नेसून उभे राहत. 'सैरंध्री'त मात्र गुलाबबाई व अनसूयाबाई यांनी स्त्रियांची कामे केली. त्यासाठी त्यांना समाजाचा रोष सोसावा लागला, याची आठवण आम्हाला येथे मुद्दाम करावीशी वाटते.

७ फेब्रुवारी १९२० रोजी पुण्याच्या आर्यन सिनेमात 'सैरंध्री' झळकली. वधाचा प्रसंग इतका हुबेहूब वठला होता की प्रेक्षक घाबरून गेले. पुढे तो भाग सरकारने कापावयास लावला. लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना सिनेमाकेसरी ही पदवी देऊन त्यांचा गौरव केला. त्याच वर्षी १ ऑगस्टला लोकमान्य निवर्तले.

पुढे बाबूरावांनी 'सिंहगड' (१९२३) आणि 'सावकारी पाश' (१९२५) असे गाजलेले मूकपट काढले. 'सावकारी पाश'मध्ये देवादिकांची कथा नव्हती. कर्जात बुडून जमीन गमावलेल्या शेतकऱ्याची ती कहाणी होती. तरुण शेतकऱ्याची भूमिका शांताराम यांनी केली होती. १९२९ साली दामले, फत्तेलाल, शांताराम व धायबर हे शिष्य बाहेर पडले आणि त्यांनी प्रभात फिल्म कंपनी काढली. थोड्याच वर्षांत बोलपट आले व बाबूरावांची कंपनी बंद पडली. १६ जानेवारी १९५४ रोजी ते कोल्हापुरातच वारले.

त्या काळची फिल्म झटकन पेट घेई आणि दमट हवेत कुजून जाई. जुन्या रिळांतील चांदी काढून घेण्यासाठीही पुष्कळ फिल्म नष्ट करण्यात आली. भारतात १३०० च्या आसपास मूकपट तयार झाले, त्यांतील फारच थोडे उरले आहेत. 'सैरंध्री' त्यांत नाही. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले ते १९६४ साली. तोवर फार उशीर झाला होता.

बाबूरावांची विद्या मात्र शिष्यांच्या हातात राहिली. दामले व फत्तेलाल यांच्या 'संत तुकाराम' या १९३६ सालच्या चित्रपटाचा व्हेनिस येथे गौरव झाला. ही गुरूची खरी मिळकत होय, असे आम्हाला वाटते. पण 'सैरंध्री' आपल्याला पुन्हा कधी दिसणार नाही, ही हानी काही त्याने भरून निघत नाही. आपल्या घरांतही आजोबा-पणजोबांची छायाचित्रे, भजनांच्या वह्या, जुने कागद पेटीच्या तळाशी पडलेले असतात. बेटावरची दमट हवा त्यांना फार दिवस टिकू देत नाही. या रविवारी ती पेटी उघडावी, कागद कोरड्या जागी ठेवावेत आणि कोण कोणाचे, हे मुलांना सांगून ठेवावे, एवढीच आमची वाचकांना विनंती आहे.